कागदी वडामागची पेटी

१९७६ च्या गॅदरिंगला आमच्या नववीच्या वर्गाने हरिश्चंद्राचा स्मशानातला प्रवेश बसवला होता. मी हरिश्चंद्र. दोन पदं होती, चाली संगीताच्या सरांच्या. तालमीत माझी नजर सारखी सरांच्या बोटांवर जायची. चार-पाच दिवस त्यांनी चालवून घेतलं. मग एका संध्याकाळी पेटी उचलली आणि पुठ्ठ्याच्या वडामागे जाऊन बसले.

"आता पेटी दिसणार नाही. कान इकडं, डोळे तारामतीकडं. गोविंदराव टेंबे असंच गायलेत."

गोविंदराव टेंबे हे नाव मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. कोल्हापुरात वाढलेल्या मुलाने हे नाव चौदाव्या वर्षी ऐकावं, याची मला आजही खंत वाटते.

तालीम संपली की सर सतरंजीवर बसून सांगत. टेंबे आपल्या कोल्हापूरचे, जन्म १८८१ चा. पेटीवर त्यांचा हात असा, की भास्करबुवा बखल्यांसारख्या गवयाची साथ त्यांनी केली. १९११ मध्ये खाडिलकरांच्या 'मानापमान'ला चाली दिल्या. १९१३ मध्ये बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्याबरोबर गंधर्व नाटक मंडळी काढली. पुढे तिथून बाहेर पडले आणि स्वतःची मंडळी उभी केली. एवढं आयुष्य मागे टाकून, पन्नाशी गाठल्यावर, ते बोलपटाच्या कॅमेऱ्यापुढे उभे राहिले. प्रभात फिल्म कंपनीचा 'अयोध्येचा राजा' १९३२ चा, आपल्याच गावात तयार झालेला. दिग्दर्शन शांतारामबापूंचं, तारामती दुर्गाबाई खोटे. हरिश्चंद्र टेंबे आणि संगीतही टेंब्यांचंच.

सर सगळ्यात रंगून सांगत ते ध्वनिमुद्रणाचं. गाणं आधी मुद्रित करून नंतर ओठ हलवायची सोय तेव्हा नव्हती; ती आपल्याकडे १९३५ च्या सुमारास आली. नटाने कॅमेऱ्यासमोर उभं राहून अभिनय करता करता गायचं, आणि साथीदारांनी चौकटीबाहेर, सेटच्या आडोशाला बसून वाजवायचं. मायक्रोफोन खोकला, पावलं, सगळंच टिपणार. कडव्यात कुणी चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. त्यातून हा चित्रपट मराठी आणि हिंदी असा दोन्ही भाषांत केलेला, म्हणजे मेहनत दुप्पट! स्वतः बांधलेली चाल, स्वतःचा गळा, अंगावर हरिश्चंद्राचा वेश, आणि आयुष्यभर ज्या पेटीवर बोटं फिरली ती मात्र दुसऱ्याच्या हाती. सर इथे थोडा वेळ गप्प बसत.

शाळेच्या पेटीचा भाता करकरायचा. वर्गात ते कुणाच्या लक्षात येत नसे, पण कार्यक्रमाला भाड्याचा माइक वडाच्या फांदीवर बांधला होता आणि रंगीत तालमीत आमच्या पदापेक्षा ती करकरच मोठी ऐकू आली. सरांनी घरून खोबरेल तेलाची बाटली आणली, कापसाचा बोळा बुडवून एकेका बिजागरीला तेल लावलं, भाता हळूहळू दाबून कान लावून पाहिला. मग पुन्हा लावलं. त्यांच्या पांढऱ्या बाहीवर तेलाचा डाग पडला होता. दुसऱ्या दिवशी, कार्यक्रमालाही, ते तोच सदरा घालून आले.

प्रवेश छान झाला. पहिल्या पदात मी सूर सोडला, तेव्हा वडामागून पेटीने षड्ज लांबवला आणि मी परत जागेवर आलो. समोरच्या कुणालाही ते कळलं नसेल.

टेंब्यांनी प्रभातसाठी पुढे 'माया मच्छिंद्र'मध्ये मच्छिंद्राची भूमिका केली, 'सिंहगड', 'सैरंध्री'ला संगीत दिलं. १९३३ मध्ये प्रभात पुण्याला गेली आणि 'अमृतमंथन'चं संगीत केशवराव भोळ्यांनी केलं. टेंबे नंतर लिहिते राहिले. त्यांचं आत्मचरित्र 'माझा जीवनविहार' मी नोकरी लागल्यावर पहिल्या पगारातून शोधून विकत घेतलं. नाट्यसंगीताच्या गप्पांत त्यांचं नाव अजून निघतं, पण मराठी बोलपटाचा पहिला गाणारा नायक म्हणून त्यांना ओळखणारा माणूस मला क्वचितच भेटतो. हे मला फार अन्यायाचं वाटतं.

'अयोध्येचा राजा' प्रत्यक्ष पाहायला मिळाला तो खूप वर्षांनी, पुण्यात. सर तोवर गेले होते. पडद्यावर हरिश्चंद्राने सूर लावला आणि मी त्याच्याकडे पाहायचं सोडून चौकटीच्या कडेला, खांबांच्या आडोशाला, पेटी शोधत बसलो.