आमची वाटचाल : मिसळीचा गल्ला आणि फीची वही

ठाण्याच्या वागळे इस्टेटमध्ये हॉटेल चालवणाऱ्याला पूर्वी भोंग्याच्या वेळा पाठ असाव्या लागत. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाचं काम १९६२ साली इथूनच सुरू झालं आणि पुढे कित्येक वर्षं गिऱ्हाईक ठरलेलं होतं. पहिल्या पाळीआधी चहा-पाव, दुपारी राइस प्लेट, पाळी सुटली की वडापाव. कारखान्यांच्या जागी आयटी पार्क आले तशी राइस प्लेट मागे पडली. आता अकराला आणि चारला मिसळ जाते. पासपोर्ट सेवा केंद्रात नंबर लावून आलेली मंडळी पोह्यांवर भागवतात. पाटी तीच राहिली, आतलं स्वयंपाकघर मात्र बदललं.

आमचं घर मिसळीवर चालतं आणि ओळखीच्या मुलांच्या कॉलेज फीसाठी उसने द्यायचे पैसेही तिच्यातूनच निघतात, म्हणून तिच्याबद्दल थोडं. एक किलो मटकी मोड येऊन सव्वादोन किलोच्या आसपास भरते. रात्रभर भिजवून सकाळी उपसायची आणि ओल्या पंच्यात सैल बांधायची. ठाण्याच्या उन्हाळ्यात दहा-बारा तासांत मोड येतात. त्यापुढे ठेवली तर मोड लांबतात आणि उसळीला उग्र वास येतो. पावसाळ्यात हवा कोंदट असते, गाठोडं घट्ट बांधलं की मधली मटकी बुळबुळीत होते. ती धुऊन वापरायची नसते, फेकायची असते. कटाचं सगळं दुखणं खोबऱ्यात. सुकं खोबरं तांबूस झालं की लगेच खाली उतरवायचं. कढईच्या उष्णतेतच ते आणखी भाजतं आणि एकदा काळं पडलं की कट कडू होतो, मग कितीही गूळ घाला. मिरची पूड टाकण्याआधी आच बंद. रंगाला ब्याडगी, तिखटाला लवंगी. दोन्ही कामं एकाच मिरचीकडून करून घ्यायला गेलं की एक तरी फसतं.

या मिसळीच्या प्रत्येक प्लेटमागे एक रुपया फीच्या खात्यात जातो. बिलावर तो वेगळा छापत नाही, त्यासाठी दरही वाढवला नाही. गिऱ्हाइकाकडून देणगी म्हणून पैसे घेतले की त्याचा हिशेब गिऱ्हाइकाला द्यावा लागतो, आणि तो दिलाच पाहिजे. आम्ही आमच्या वाट्यातून देतो, त्यामुळे प्रश्न मिटतो. बिलिंग मशीनमधून प्लेटचा आकडा काढायचा आणि दर शनिवारी तेवढी रक्कम वेगळ्या बँक खात्यात टाकायची. महिनाअखेरीस उरेल ते देऊ, असं ठरवून हॉटेलात काही उरत नाही. पाववाला रोज उभा, १९ किलोचा व्यापारी सिलिंडर संपला की लगेच दुसरा हवा, भाडं पाच तारखेला.

दुसरी भर तळणीच्या तेलाची. तेलातली टोटल पोलर कंपाउंड्स, म्हणजे तेल पुन्हापुन्हा तापवल्याने तयार होणारे घटक, २५ टक्क्यांवर गेली की ते तेल खाण्यासाठी वापरता येत नाही, हा एफएसएसएआयचा, म्हणजे केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाचा नियम. मीटर हाताशी नसेल तरी लक्षणं दिसतात : वड्याभोवतीचा फेस खाली बसत नाही, धूर लवकर येतो, तेल चिकट होऊन झाऱ्याला धरतं. असं तेल अधिकृत संकलकाला बायोडिझेलसाठी विकायचं. ते खाण्याच्या हातगाडीवाल्यांना स्वस्तात देण्याचा धंदा सर्रास चालतो. आम्हाला तो पटत नाही. तेलाचे पैसे, रिकाम्या डब्यांचे पैसे आणि रद्दी, सगळं त्याच खात्यात.

दिवसाला अडीचशे प्लेट आणि महिन्याचे २६ दिवस धरले तर ६,५०० रुपये होतात, वर्षाचे ७८,०००. खासगी अभियांत्रिकी कॉलेजात एका मुलाची वर्षाची फी यात अनेकदा बसत नाही. मग एवढ्याशा पैशात कुणाचं काय भलं होणार? उत्तर जुनं आहे आणि ते एका हॉटेल मालकाचंच आहे.

जमशेटजी टाटांचं ताजमहाल हॉटेल १६ डिसेंबर १९०३ रोजी उघडलं. त्याच्या अकरा वर्षं आधी, १८९२ मध्ये, त्यांनी परदेशी उच्च शिक्षणासाठी निधी काढला होता. तो बक्षिसाचा नव्हता, कर्जाऊ शिष्यवृत्तीचा होता. शिकून आलेल्याने रक्कम परत करायची आणि ती पुढच्याला जायची. पहिल्या दोन मानकरी बायका होत्या, दोघीही डॉक्टर : फ्रेनी कामा आणि कोल्हापुरात पुढे नाव कमावलेल्या कृष्णाबाई केळवकर. याच निधीतून पुढे जयंत नारळीकर केंब्रिजला गेले. ताजशी आमची बरोबरी सोडाच, तिथल्या एका खोलीच्या भाड्यात आमचे कितीतरी दिवसांचे पाव येतील. पण परत येणारा पैसा ही युक्ती छोट्या गल्ल्यालाही लागू पडते.

ती लागू पडते कारण फी भरण्याची मुदत आणि सरकारी मदत हाती येण्याची वेळ यांचा मेळ बसत नाही. कॅप राउंडमध्ये, म्हणजे सरकारच्या केंद्रीय प्रवेश फेरीत, जागा मिळाली की कॉलेजात हजर व्हायला मोजके दिवस असतात. शिष्यवृत्तीचा अर्ज त्यानंतर महाडीबीटी या सरकारी पोर्टलवर भरायचा, कॉलेजने तो पुढे पाठवायचा, मग तपासणी, मग हप्ता. तोवर कॉलेज भरणा मागतं आणि घरातलं सोनं गहाण पडतं. हे मधले महिने भरून काढणं एवढंच आमचं काम. हप्ता आला की रक्कम वहीत परत.

कुणाला देतो? आमच्याकडचे कामगार, त्यांची मुलं, पाव-भाजी-दूध पोचवणाऱ्यांची मुलं आणि आजूबाजूच्या वर्कशॉपमधल्या माणसांची. त्यापलीकडे जात नाही, कारण घर ओळखीचं नसेल तर वसुली जमत नाही आणि चौकशी करत फिरायला आमच्याकडे माणूस नाही. पैसे विद्यार्थ्याच्या हातात देत नाही. कॉलेजच्या नावाने डीडी किंवा कॉलेजच्याच लिंकवर भरणा करतो आणि पावती विद्यार्थ्याच्या नावाने घेतो. ती शिष्यवृत्तीच्या अर्जाला लागते. मुलगी असेल तर आधी एक गोष्ट तपासतो. २०२४-२५ पासून आठ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या घरांतल्या ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल), एसईबीसी (सामाजिक व शैक्षणिक मागास) आणि ओबीसी मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचं शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ आहे. तरी विकास शुल्क, अनामत, लॅबचा अ‍ॅप्रन, जर्नल, ड्राफ्टर आणि लोकलचा पास उरतोच. ‘फी माफ’ ऐकून निर्धास्त झालेली घरं नेमकी या किरकोळ रकमांवर अडतात.

अर्ज अडतात ते बहुतेक वेळा चार ठिकाणी. एक, प्रवेश कॅपमधून नसून मॅनेजमेंट कोट्यातून घेतलेला असतो. मग ही सवलत मिळत नाही. एजंट हे कधी सांगत नाहीत. दोन, उत्पन्नाचा दाखला. नव्या आर्थिक वर्षाचा दाखला एप्रिलपासून काढता येतो, पण सगळे निकाल लागल्यावर सेतू केंद्रावर धावतात. तीन, जात वैधता प्रमाणपत्र. त्याला महिने लागतात, म्हणून अर्ज अकरावीतच टाकायचा. चौथं सगळ्यात छळणारं : शिष्यवृत्ती मुलाने अर्जात लिहिलेल्या खात्यावर येईलच असं नाही, ती आधारशी शेवटी जोडलेल्या खात्यावर जाते. ते खातं कधीतरी गावाला उघडलेलं, व्यवहार नसल्याने बंद पडलेलं असतं. पोर्टलवर पैसे जमा दिसतात आणि मुलगा इथल्या पासबुकात शोधत बसतो. त्यासाठी फी भरण्याआधीच बँकेत जाऊन आधार कुठल्या खात्याला जोडलं आहे ते बघून यायला सांगतो. दरवर्षी नूतनीकरणाचा अर्ज भरावा लागतो, हेही बजावून सांगावं लागतं.

ट्रस्ट काढलेला नाही. धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी, करसवलतीसाठी आयकराची १२-अ आणि ८०-जी नोंदणी, दरवर्षीचं ऑडिट, हा पसारा एका हॉटेलाच्या रकमेला झेपत नाही. पैसे मालकाच्या उचल खात्यातून, म्हणजे मालकाने स्वतःसाठी काढलेल्या रकमेतून जातात, धंद्याचा खर्च म्हणून दाखवत नाही, त्यामुळे करात काही सुटत नाही. सुटावं म्हणून हे सुरूही केलेलं नाही.

कामावरची जी मुलं यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठातून पदवी करतात, त्यांचं गणित वेगळं. फी कमी, अडचण वेळेची. संपर्क सत्रं बहुतेक रविवारी आणि हॉटेलचा सगळ्यात मोठा धंदाही रविवारीच. त्यांना साप्ताहिक सुट्टी रविवारची देतो आणि इतरांना सोमवार-मंगळवार वाटून देतो. यावर कुरकुर होते, ती मुकाट ऐकून घ्यायची. परीक्षेच्या काळात त्यांना सकाळची पाळी, म्हणजे दुपारी दोननंतर मोकळीक. तळणीवर मात्र अशा वेळी ठेवत नाही. झोप अपुरी असलेला माणूस आणि उकळतं तेल हे एकत्र नको.

परतफेडीला व्याज नाही, स्टॅम्प पेपर नाही, वहीत सही आहे. शिष्यवृत्ती बसत नाही त्यांनी नोकरी लागल्यावर सहा महिन्यांनी हप्ते सुरू करायचे. जो मध्येच शिक्षण सोडतो त्याची बाकी सोडून देतो, कारण सोडण्याचं कारण बहुधा घरातलं आजारपण असतं. नोकरी लागूनही टाळणारे असतात. त्यांच्या घरच्यांना चहाला बोलावलं की निम्मं काम होतं, उरलेलं होत नाही. तेवढी तूट तेलाचे पैसे भरून काढतात.

विचारायला मे महिन्यात या, निकालाची वाट बघू नका. वेळ दुपारी अडीच ते साडेतीन, तेव्हा काउंटर मोकळा असतो. येताना दहावीची गुणपत्रिका, उत्पन्नाचा दाखला, आधार जोडलेल्या खात्याचं पासबुक आणि आई किंवा वडील, यांपैकी काही विसरू नका.