केरमिट: मिळेल त्या तारेवरून
टर्मिनल एम्युलेटर (पीसीला मोठ्या संगणकाचा पडदा-कीबोर्ड, म्हणजे टर्मिनल, बनवणारा प्रोग्राम) म्हटलं की आजची पोरं पुट्टीचं नाव घेतात. कामाला मीही तेच वापरतो. पण या घराण्यातलं माझं लाडकं नाव केरमिट.

गोष्ट १९८१ ची, न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातली. तिथल्या मोठ्या डेक-२० संगणकावर विद्यार्थ्यांना फाइली ठेवायला जागा पुरत नव्हती. त्या फ्लॉपीवर उतरवायच्या, तर हाताशी होता छोटा संगणक आणि टर्मिनलची साधी तार. फ्रँक दा क्रूझ आणि बिल कॅचिंग्ज यांनी त्यासाठी जे लिहिलं, त्याला मपेट्समधल्या बेडकाचं नाव मिळालं.

ती तार होती माणसाच्या टायपिंगसाठी. कंट्रोल कॅरेक्टर (न दिसणारं, यंत्राला हुकूम देणारं अक्षर) आलं की मधली यंत्रं ते आपल्यालाच आहे असं समजून गिळायची. आयबीएम मेनफ्रेमच्या लाइनवर तर आठवा बिटही पलीकडे पोचायचा नाही. केरमिटचा तोडगा मला अजूनही सुंदर वाटतो: कॅरेज रिटर्न (ओळीच्या सुरुवातीला जा, असा हुकूम) पाठवायचा असेल तर आधी हॅश (#), मग एम. पलीकडे ही जोडी ओळखून पुन्हा कॅरेज रिटर्न तयार. आठव्या बिटासाठी तसंच आधी अँपरसँड (&). पॅकेट इवलंसं, प्रत्येकाला चेकसम, म्हणजे चूक पकडणारी बेरीज. फाइल पाठवायची दुसरी पद्धत, एक्समोडेम, १२८ बाइटचे ब्लॉक जसेच्या तसे पाठवायची, त्यामुळे केरमिट संथ म्हणून लोक नाकं मुरडायचे. पण एक्समोडेमला लाइन आठ बिटांची लागते आणि केरमिट सात बिटांवरही निभावून नेतो.

फाइल मागायची तर आधी लॉगिन हवं, म्हणून पीसीला टर्मिनलचं सोंग घ्यावं लागे. तेही बहुतेकदा डेक कंपनीच्या १९७८ च्या व्हीटी१०० या टर्मिनलचं. एमएस-डॉस केरमिट ते चोख वठवायचं. एस्केप, चौकोनी कंस, १०, अर्धविराम, ५, एच एवढं आलं की कर्सर दहाव्या ओळीत, पाचव्या रकान्यात. वरचा बाण दाबला की पीसीकडून एस्केप, चौकोनी कंस, ए. लिनक्सवर बाण दाबून पडद्यावर टोपी (^), दोन कंस आणि ए उमटलेलं पाहिलंय ना? समोरच्या प्रोग्रामला न कळलेला तोच निरोप आहे तो.

पुढे विंडोज ९५ सोबत हायपरटर्मिनल हा टर्मिनल एम्युलेटर आला, व्हिस्टात तो काढून टाकला गेला. कोलंबियानं केरमिट प्रकल्प २०११ मध्ये थांबवला, पण सी-केरमिट या त्याच्या आवृत्तीचा सोर्स खुला झाला. आणि एम्बेडेडवाल्यांनो, नेटवर्क मेलेल्या बोर्डावर यू-बूट या बोर्ड सुरू करणाऱ्या प्रोग्रामच्या प्रॉम्प्टला 'लोडबी' देऊन सिरियलवरून इमेज चढवता, तेव्हा तुम्ही केरमिटच वापरता.