आईची बोटं आणि जर्मनीचा व्हिसा

श्टुटगार्टचे फोटो टाक म्हणून सगळे मागे लागलेत. टाकीन, पण त्याआधी व्हिसाच्या दिवसाबद्दल लिहायचंय, तो दिवस अजून डोक्यातून जात नाहीये. जर्मनीचं म्हणाल तर थंडी कडक होती, ताईचं बाळ गोड आहे, आईने तिच्या बाळंतपणाचं सगळं मनासारखं केलं आणि आम्ही सुखरूप परत आलो.

आम्ही ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यातले. आई आयुष्यभर मासे विकत आलीये. खाडीत पूर्वी मिळायचं तसं काही उरलं नाही, कारखान्यांच्या आणि गटारांच्या पाण्याने खाडीची पार वाट लावली, म्हणून मग पहाटेच्या गाडीने ससून डॉक नाहीतर भाऊचा धक्का गाठायचा, माल उचलायचा, लोकलच्या मालडब्यातून टोपल्या आणायच्या आणि दुपारपर्यंत बाजारात बसायचं. बर्फात हात, मिठात हात, कोलंबी सोलायची, खवलं काढायची. हे सगळं सांगतेय कारण पुढचा सगळा किस्सा त्या हातांचाच आहे.

कागदपत्रांची यादी बघितली तेव्हाच माझं डोकं फिरलेलं. पगाराची स्लिप, इन्कम टॅक्सचे रिटर्न, ऑफिसने रजा मंजूर केल्याचं पत्र. माझ्या आईला रजा कोण मंजूर करणार? तिच्याकडे बँकेचं पासबुक, बाजारातल्या जागेची पावती आणि मासळी विकणाऱ्या बायकांच्या संस्थेचं पत्र, एवढंच. पन्नास वर्षं राबलेल्या बाईकडे राबल्याचा कागद नाही ही गोष्ट मला तेव्हाही खटकली, आजही खटकते. जर्मनीचं एक बरं आहे, तिकडे राहणारा माणूस तुमच्या खर्चाची हमी घेऊ शकतो. ताईने तिथल्या परदेशी नागरिकांच्या ऑफिसात जाऊन ते फॉर्मल ऑब्लिगेशन लेटर काढलं, २९ युरो भरून, आणि ओरिजिनल कुरियरने पाठवलं, कारण झेरॉक्स किंवा स्कॅन चालत नाही. ज्यांचे आईबाबा नोकरीत नव्हते त्यांनी हे लेटर काढाच. बाकी ३०,००० युरोचं मेडिकल इन्शुरन्स, आणि फी ९० युरो, जी ११ जून २०२४ च्या आधी ८० होती, वर अर्ज जमा करून घेणाऱ्या व्हिसा सेंटरचा सर्व्हिस चार्ज वेगळा. नकार आला तरी फी परत नाही.

नकाराची भीती मला खूप होती. पूर्वी जर्मनीने नाही म्हटलं तर त्याच कॉन्सुलेटकडे, म्हणजे त्यांच्या इथल्या वकिलातीकडे, फेरविचाराचा अर्ज करता यायचा, तो १ जुलै २०२५ पासून त्यांनी बंद केला. आता एकतर परत पहिल्यापासून नवा अर्ज करा नाहीतर बर्लिनच्या कोर्टात जा. आम्ही काय बर्लिनच्या कोर्टात जाणार! म्हणून एकेक कागद तीनतीनदा तपासला होता.

अपॉइंटमेंटच्या दिवशी ठाण्याहून फास्ट पकडली. प्लॅटफॉर्मवर आई सवयीने सरळ मालडबा लागतो तिकडे चालायला लागली, मी हात धरून लेडीज फर्स्टक्लासला आणलं, तर म्हणते, कशाला उगाच जास्तीचे पैसे. सेंटरवर सिक्युरिटी, टोकन, मग बसून राहायचं. मधेच एक जण येऊन प्रीमियम लाउंज घ्या, बसायला सोफा आहे, चहा आहे म्हणून सांगून गेला, थोड्या वेळाने तोच परत आला. व्हिसा द्यायचा की नाही हे कॉन्सुलेट ठरवतं, सेंटर फक्त कागद आणि बोटांचे ठसे गोळा करून पुढे पाठवतं, त्यामुळे सोफ्यावर बसल्याने व्हिसा मिळायला काही मदत होत नाही. म्हाताऱ्या माणसांना हे कोणी सांगत नाही आणि ती बिचारी घाबरून पैसे भरतात, याचा मला खरंच राग येतो.

कागद जमा झाले, काउंटरवरच्या बाई नीट बोलल्या. मग बायोमेट्रिक.

भारतात शेंगेन व्हिसासाठी, म्हणजे जर्मनी धरून युरोपातल्या बऱ्याच देशांत चालतो त्या व्हिसासाठी, दहाही बोटांचे ठसे नोव्हेंबर २०१५ पासून घेतात. आधी उजव्या हाताची चार, मग डाव्या हाताची चार, शेवटी दोन्ही अंगठे. काचेवर हिरवा उजेड पडतो, समोरच्या स्क्रीनवर बोटांचे चौकोन दिसतात. आईने हात ठेवला आणि चौकोन लाल. परत ठेवला, परत लाल. तिथला मुलगा म्हणाला, "माताजी, दबाके रखो." आईने दाबलं. लाल. "और जोर से." आईने इतकं दाबलं की नखं पांढरी पडली, तरी लाल. मग तो मुलगा उभा राहिला आणि त्याने स्वतःच्या हाताने आईचा पंजा काचेवर दाबला, न विचारता, आणि मोठ्याने म्हणाला की ऐसे फिंगर होंगे तो व्हिसा नहीं आएगा. मागे रांगेत माणसं उभी होती, सगळे बघायला लागले. आई माझ्याकडे बघून हळूच म्हणाली, "बाय, चल घरी. नाय जायाचा मना."

माझी आई बाजारात कोणाचं ऐकून घेत नाही. दोन रुपयांसाठी वाद घालणाऱ्या गिऱ्हाईकाला ती उभ्याउभ्या गप्प करते. तिला असं खाली मान घालून घरी चल म्हणताना मी पहिल्यांदा बघत होते.

हे होणार याचा अंदाज मला होता. रेशनच्या दुकानातल्या मशीनवर तिचा अंगठा लागत नाही, बँकेत लागत नाही. म्हणून शेंगेनच्या व्हिसा कोडमधलं, म्हणजे त्या व्हिसाच्या नियमांमधलं, कलम १३ मी प्रिंट काढून पर्समध्ये ठेवलेलं. त्यात स्वच्छ लिहिलंय की १२ वर्षांखालची मुलं आणि ज्यांचे ठसे घेणं शारीरिकदृष्ट्या शक्यच नाही अशी माणसं यांना ठशांची सूट आहे, आणि दहापेक्षा कमी बोटं लागत असतील तर जेवढी लागतील तेवढी घ्यायची. बोटं लागत नाहीत एवढ्याच कारणावरून कोणाला परत पाठवा असं त्यात कुठेही नाही. मी सुपरवायझरला बोलावलं. तो आधी म्हणाला नवीन अपॉइंटमेंट घ्या, हाताला क्रीम लावून या. मी कागद पुढे केला आणि म्हटलं, हे वाचा, आणि नाही घेणार असाल तर का नाही ते लिहून द्या. आवाज चढला होता माझा, आणि चढायलाच हवा होता. त्याने वाचलं, आत गेला, आला आणि आम्हाला दुसऱ्या केबिनमध्ये पाठवलं.

तिथे एक मुलगी होती, चोवीस-पंचवीसची असेल. तिने आधी आईला खुर्ची दिली. मग विचारलं, "मावशी, हाताने कसलं काम करता?" आईने सांगितलं. मुलगी म्हणाली, मग रेषा झिजणारच ना. तिने काच पुसली, ओल्या टिश्यूने आईचं एकेक बोट पुसलं, मग म्हणाली, "बोटं कपाळाला घासा जरा, तेलकटपणा लागू दे. आणि दाबू नका अजिबात, नुसती ठेवा." दाबलं की उरल्यासुरल्या रेषाही चपट्या होतात आणि मशीनला काहीच दिसत नाही, हे तिने सांगितल्यावर कळलं. म्हणजे तो मुलगा मघापासून नेमकं उलटं करायला लावत होता!

उजव्या हाताची तीन बोटं हिरवी झाली. डाव्याची दोन. अंगठ्यांना वेळ लागला, परत टिश्यू, परत कपाळ, पण लागले दोन्ही. तर्जन्या आणि डावी करंगळी शेवटपर्यंत लागल्या नाहीत. मुलीने तीन-चारदा बघितलं, मग सिस्टीममध्ये त्या बोटांपुढे ठसा मिळत नाही अशी नोंद केली आणि म्हणाली, झालं मावशी. दहा मिनिटंसुद्धा लागली नसतील. आईने तिला विचारलं कुठली तू, ती म्हणाली कळव्याची. मग काय, कळवा म्हणजे पुढचं स्टेशन, आईने बाजारातली आपली जागा सांगितली आणि ये म्हणाली, ताजी सुरमई देते तुला.

बाहेर आल्यावर मी रडले. आई नाही रडली. तिला भूक लागलेली, वडापाव खाल्ला आणि ट्रेनमध्ये तिने खिडकी पकडून झोप काढली.

पुढे पासपोर्ट आला, आत व्हिसा होता. हे ठसे आता ५९ महिने वापरता येतात, म्हणजे तेवढ्यात परत शेंगेनला जायचं झालं तर सहसा नव्याने द्यावे लागत नाहीत.

सेंटरचं नाव लिहीत नाही, त्या मुलाचं मला माहीतही नाही. पण कोळीवाड्यात, शेतावर, बांधकामावर, धुण्याभांड्याला आयुष्य गेलेली किती माणसं आता मुलांकडे जायला निघतात, त्या प्रत्येकाच्या बाबतीत हेच होणार आहे. तुमच्या आईबाबांना घेऊन जात असाल तर कलम १३ ची प्रिंट न्या, कारण आत फोन बंद करायला लावतात. ओले टिश्यू न्या. कोणी परत या म्हटलं तर तिथून हलू नका, वरच्या माणसाला बोलवा. आणि सेंटर चालवणाऱ्यांपैकी कोणी हे वाचत असेल तर त्या पहिल्या काउंटरवर एक खुर्ची ठेवा आणि कळव्याच्या त्या मुलीला बाकीच्यांना शिकवायला सांगा.