बरं केलं तिनं

मालिकेतल्या सुनेचा हेवा करण्याचे माझे वय राहिलेले नाही, तरी कालपासून तो वाटतो आहे. सासूबाईंना मोबाइलवर 'अनुपमा'चे जुने भाग लावून दिले होते. ती वनराजपासून घटस्फोट घेते तिथे सासूबाई, चटणीसाठी भाजलेल्या शेंगदाण्यांची साले चोळता चोळता, मान वर न करता म्हणाल्या, "बरं केलं तिनं. किती दिवस सोसायचं?"

2003 साली मला शाळेत नोकरी मिळत होती, तेव्हा याच बाईंनी "आपल्यात तशी पद्धत नाही" एवढ्या एका वाक्यात विषय मिटवला होता. ह्यांनी काय केले, ते असो. त्या काळी रात्री साडेदहाला 'क्योंकि सास भी कभी बहू थी' लागे आणि भरल्या घराचे सगळे निमूट निस्तरणारी तुलसी हेच आमच्याकडचे सुनेचे माप होते. त्या मापात मी कधी बसले नाही, आणि आता माप बदलले तर ते एका गुजराती घरातल्या खोट्या बाईसाठी! मला जी मुभा हवी होती, ती त्यांनी तिला बसल्या जागी देऊन टाकली.

वाहिन्यांना समाजसुधारणेचा उमाळा आला असेल, असे मला वाटत नाही. बंगालीतल्या 'श्रीमोयी'वरून 2019 च्या अखेरीस मराठीत 'आई कुठे काय करते' आली, 2020 च्या जुलैत हिंदीत 'अनुपमा', आणि दोन्ही चालल्या, कारण रिमोट ज्यांच्या हातात होता त्या बायकांनाच ते पाहायचे होते. मागे तुलसीचा नवरा मिहीर मालिकेत मेला तेव्हा याच बायकांनी एवढा गहजब केला, की त्याला जिवंत करून परत आणावे लागले. म्हणजे सासूबाईंचे मन पालटल्याचे मुंबईत बसलेल्या मालिकावाल्यांना कळले आणि सोलापुरात एकाच छताखाली राहून मला कळले नाही. हसावे की रडावे! 2025 मध्ये तुलसी परत आली, तेव्हाही "एवढं वय झालं, अजून हिनंच का निस्तरायचं?" असे त्या म्हणाल्याच होत्या, मी ऐकून सोडून दिले.

त्यांना एकदा स्पष्ट विचारावे, असे सकाळपासून मनात येते आहे. पण "मग तू तेव्हा बोलली का नाहीस?" असे त्या फटकन म्हणतील, आणि अनुपमा निदान बोलली तरी होती.