आतांग पडद्यावर, आतांग थिएटरात

जहाजावर फिलिपिनो खलाशांबरोबर वर्षं काढली, त्यांच्या कॅराओकेत घसा ताणून गायलो, पण आतांग दे ला रामा या त्यांच्या गायिका-नटीचं नाव कानावर आलं ते आमच्या कुकमुळे. तेव्हापासून ही बाई डोक्यातून जात नाही. सध्या सुट्टीवर वेंगुर्ल्याला आहे, तर लिहूनच काढतो.

१९१९ साली होसे नेपोमुसेनोंनी ‘दालागांग बुकिद’ काढला. फिलिपिनो माणसाने बनवलेला हा पहिला कथापट. नायिका आतांग, वय सतरा. हीच भूमिका तिने आधी सार्सुएलात, म्हणजे तिथल्या संगीत नाटकात गाजवली होती. गोष्ट ऐकून आपली ‘शारदा’ आठवते. फुलं विकणारी आंजेलिता, तिच्यावर डोळा ठेवून असलेला म्हातारा सावकार डॉन सिल्वेस्त्रे, आणि पैशापुढे वाकलेले आईबाप. पण आंजेलिता म्हाताऱ्याच्या नाकावर टिच्चून आपल्या सिप्रियानोशी लग्न लावून मोकळी होते!

सिनेमा मूक, आणि नायिका गाणारी. मग खेळ चालू असताना आतांग स्वतः थिएटरात हजर राहून ‘नाबासाग आंग बांगा’ हे फुटलेल्या घागरीचं गाणं गायची. पडद्यावर तीच, आणि समोर जिवंत आवाजही तिचाच.

दशावतार बघत वाढलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. वालावलच्या जत्रेत मध्यरात्र उलटली, डोळे मिटायला लागले, की पायपेटी चढते आणि लुगड्याचा पदर सावरत स्त्रीपार्टी असा काही सूर लावतो की पेंगणारी म्हातारीसुद्धा ताठ बसते. भावाच्या मोबाईलवर अशी कितीतरी नाटकं आहेत, एकही शेवटपर्यंत बघवत नाही. आई म्हणते, “तां जत्रेतच बघूक व्हया.”

‘दालागांग बुकिद’ची एकही प्रत आज उरलेली नाही. सिनेमात आतांग पुढे फार रमली नाही. ती सार्सुएला आणि कुंदिमान, म्हणजे तिथली प्रेमगीतं, घेऊन बेटोबेटी फिरली. मनिलाच्या नाट्यगृहांत गायली तशीच गावच्या चौकात आणि कोंबड्यांच्या झुंजीच्या आखाड्यातही गायली. १९८७ला तिला राष्ट्रीय कलाकाराचा मान मिळाला, १९९१ला ती गेली.

तिची ओळख ‘पहिली सिनेनटी’ एवढ्यावर संपवतात, त्याचं मला वाईट वाटतं. त्या थिएटरात लोकांनी पैसे मोजले असतील ते चित्रासाठी थोडे आणि तिच्या गळ्यासाठी जास्त, असं मी ठामपणे म्हणेन.