लिबइंटल-८.डीएलएल नेटवरून उतरवू नका

प्रोग्राम उघडताना 'लिबइंटल-८.डीएलएल सापडली नाही' असा डबा आला की लोक ते नाव गुगलला विचारतात आणि जी साइट आधी दिसेल तिथून ती एकटी फाइल उतरवून विंडोजच्या सिस्टम-३२ फोल्डरमध्ये टाकतात. मला असे फोन येत असतात आणि माझं उत्तर ठरलेलं आहे: आधी ती फाइल तिथून उडवा, मग प्रोग्राम त्याच्या मूळ साइटवरून पुन्हा इन्स्टॉल करा. ही डीएलएल, म्हणजे प्रोग्रामला लागणाऱ्या तयार कोडची फाइल, विंडोजची नाहीच. ती ग्नू गेटटेक्स्टची, म्हणजे प्रोग्राम वेगवेगळ्या भाषांत दाखवणाऱ्या साधनसंचाची. विंडोजवर चित्रं सुधारणाऱ्या गिंपसारखे प्रोग्राम ती आपल्यासोबतच घेऊन येतात. उतरवलेली फाइल ३२ बिटची की ६४ बिटची, आत आणखी काय भरलंय, देव जाणे.

हिचं काम तसं साधं. कोडमध्ये प्रत्येक इंग्रजी वाक्य गेटटेक्स्टच्या हवाली केलेलं असतं. लायब्ररी, म्हणजे हीच डीएलएल, भाषा कोणती ते बघते, भाषांच्या लोकॅल फोल्डरातल्या 'एमआर'मध्ये (म्हणजे मराठीत) शिरते, तिथली भाषांतरांची एमओ फाइल उघडते आणि मराठी वाक्य परत देते. भाषांतर करणारा लिहितो ती पीओ, साधा मजकूर; तिची एमओ करतो गेटटेक्स्टमधलाच एमएसजीएफएमटी हा प्रोग्राम. एमओमध्ये मूळ वाक्यं क्रमाने लावलेली असतात, म्हणून शोध झटपट लागतो.

गंमत अशी की डीएलएल गेली तर प्रोग्राम सुरूच होत नाही, पण एमओ गेली तर कुणी हूं की चूं करत नाही. मुकाट्याने इंग्रजी दिसू लागतं. मला हे आवडतं. अडून बसण्यापेक्षा इंग्रजी परवडलं. मात्र 'नव्या आवृत्तीत मराठी काढून टाकली' अशी ओरड होते तेव्हा बऱ्याचदा भाषांतर जागेवरच असतं. मूळ वाक्यात थोडा बदल झाला की जुन्या भाषांतरावर 'फझी', म्हणजे 'खात्री नाही', असा शिक्का बसतो, आणि एमएसजीएफएमटी अशी वाक्यं एमओमध्ये घेतच नाही. कुणीतरी बसून ती एकेक तपासायची असतात.

खरी मेख पर्सेंट-डी आणि पर्सेंट-एसमध्ये आहे, म्हणजे वाक्यात आकडा आणि मजकूर कुठे भरायचा ते सांगणाऱ्या खुणांमध्ये. इंग्रजी वाक्यात आधी फाइलींचा आकडा, मग फोल्डरचं नाव. मराठीत 'बॅकअपमध्ये ५ फाइली कॉपी केल्या', म्हणजे क्रम उलटा. त्यासाठी पर्सेंटनंतर क्रमांक आणि डॉलर लिहून 'आता दुसरी किंमत घे' असं सांगता येतं. विंडोजच्या जुन्या सी रनटाइममधल्या (सी भाषेतल्या प्रोग्रामांना लागणाऱ्या लायब्ररीतल्या) प्रिंटएफला, म्हणजे वाक्यात किमती भरून छापणाऱ्या फंक्शनला, हे कळतच नाही. म्हणून लिबइंटल स्वतःचा प्रिंटएफ बाळगते, आणि तिची हेडर फाइल (कोडमध्ये जोडायची असते ती) प्रोग्रामरला न विचारता ते नाव आपल्याकडे वळवून घेते. आगाऊपणा खरा, पण त्यामुळेच आपलं वाक्य सरळ उमटतं.

क्रमांक न घालता नुसती अदलाबदल केली, तर आकड्याच्या जागी नाव आणि नावाच्या जागी आकडा जातो. मग प्रोग्राम त्या आकड्यालाच मेमरीतला पत्ता समजतो आणि कोसळतो. कोडची एक ओळही न बदलता! त्यामुळे 'फक्त भाषांतर बदललंय, टेस्टिंग कशाला' असं कुणी म्हणालं की मी एमएसजीएफएमटी हायफन-सी हा तपासणीचा पर्याय लावून चालवतो. जिथे खुणा जुळत नाहीत ती ओळ तो क्रमांकासकट दाखवतो आणि एमओ करायचं नाकारतो.