मोटूले काय बोलनं, हाई कोन सांगस?

"मामा, मोटूले काय बोलनं, हाई कोन सांगस?"

अमळनेरला ताईकडे आलोय. सहा वर्षांचा भाचा ताटातली शेवभाजी तशीच ठेवून टीव्हीसमोर 'मोटू पतलू' कार्टून बघत बसलेला. प्रश्न विचारतानाही नजर टीव्हीवरून हलली नाही.

मी म्हटलं, एक माणूस लिहून देतो. नीरज विक्रम नाव त्यांचं. २०१२ पासून ही मालिका चालू आहे. मोटू काय बोलेल इतकंच नाही, तो कुठे घसरेल, कुणाच्या अंगावर पडेल हेही कागदावर लिहावं लागतं. चित्रं नंतर हलतात.

तो पहिल्यांदा माझ्याकडे वळला. "मंग आपलासारखं काबर बोलत नही तो?"

मला उत्तर सुचेना. घरात दिवसभर अहिराणी बोलणाऱ्या पोराचे सगळे आवडते सवंगडी हिंदीत बोलतात.

रात्रीचे अकरा वाजलेत, प्रश्न डोक्यातून जात नाही. याच गावात प्रताप हायस्कूलमध्ये शिकवताना साने गुरुजींनी १९२८ साली मुलांसाठी 'विद्यार्थी' मासिक काढलं. शाळा, वसतिगृह सांभाळून! मुलांसाठी लिहिणं त्यांना कधी दुय्यम काम वाटलं नाही. आज आमच्याकडचा लिहिणारा पोरगा 'मला मुलांच्या मालिका लिहायच्यात' म्हणाला, तर घरचे आधी विचारतील, "आणि नोकरी?"

झोपायच्या आधी भाचा पुन्हा आला. "मामा, मोटू आठे उना ते समोसा सोडीसन शेवभाजी खाई ना?" म्हणजे, मोटू इथे आला तर समोसा सोडून शेवभाजी खाईल ना?

त्याची गोष्ट सुरू झाली होती. ती लिहून घेणारं खान्देशात कुणी आहे का?